बेकरीवाल्याचा चेहरा

३ मार्च

चि. छोटीस, दादाचे अनेक आशीर्वाद.

इकडे सगळे बरे आहोत. तिथे फोन ऐकले जातात म्हणालीस, म्हणून पत्रच लिहितो. शुक्रवारी तुझी बातमी पाहिली. आईने आवाज इतका वाढवला की वरच्या मजल्यावरचे खाली आले. वहिनी म्हणते, टीव्हीची परदेशातली बातमीदार झालीस तरी केस विंचरायचा कंटाळा काही गेला नाही.

तुझा बेकरीवाला मात्र फार आवडला. सैनिक पकडायला आले तेव्हा शाळेतल्या मास्तरांना पिठाच्या कोठीत लपवलं, हे किती सहज सांगतो. भुवयांवर पीठ, गालावर भाजल्याचा डाग. आई म्हणाली, हा माणूस गर्दीतही ओळखता येईल.

लोभ आहेच, तो अधूनमधून कागदावरही दिसू दे.

तुझा दादा

१९ मार्च

ती. दादास, सा. न.

पत्र आज मिळालं. डागाचं वाक्य चारदा वाचलं. दादा, तो चेहरा दिसायलाच नको होता. झाकू, असा शब्द मी त्याला दिला होता. तो बोलायला तयार नव्हता. मीच दोन दिवस भट्टीपाशी बसून गळ घातली. ऑफिसला चेहरा पुसट करायला लिहून कळवलं आणि निश्चिंत झाले. आपलं चॅनल इथे दिसत नाही, पण ज्यांना पाहायचं ते पाहतातच.

तशीच बेकरीवर गेले. शटरला सरकारी सील. शेजारच्या शिंप्याने मान वर न करता सांगितलं की त्याला घरातून नेलं, दहा दिवस झाले.

आईला कळू देऊ नकोस. माया असू दे.

छोटी

२ एप्रिल

चि. छोटीस, अनेक आशीर्वाद.

चूक ऑफिसची. स्वतःला दोष देऊ नकोस. नोकरी गेली खड्ड्यात, घरी ये. आईला बोललो नाही. ती अजून येईल त्याला बेकरीवाल्याची गोष्ट सांगते. मी उठून बाहेर जातो.

वाट पाहणारा,
दादा

२८ मे

ती. दादास, सा. न.

नजरचुकीने राहिलं, असं ऑफिसने कळवलं. बातमीचं कौतुक झालं म्हणून याहून मोठ्या देशात पाठवतो, असंही त्यातच लिहिलं होतं. मी राजीनामा दिला. त्याने कुणाचं काही अडलं नाही. माझ्या जागी दुसरी आलीसुद्धा.

दर मंगळवारी बेकरीवाल्याच्या बायकोबरोबर तुरुंगाच्या खिडकीशी उभी राहायचे. ती बोलत नसे, हाकलतही नसे. सात आठवडे त्याचे कपडे आत घेतले. काल गठ्ठा परत दिला. का, असं विचारलं तर कारकुनाने खिडकी लावून घेतली. तिने पायरीवर बसून सदऱ्यांच्या पुन्हा नीट घड्या घातल्या. मग मला म्हणाली, तुम्ही आता घरी जा, तुमची आई वाट पाहत असेल.

रागावली असती तर बरं झालं असतं, दादा.

रविवारी पोचते. घ्यायला एकटाच ये. घरी जायच्या आधी आपण थोडा वेळ कुठेतरी बसू. आईशी काय बोलायचं ते मला अजून सुचलेलं नाही.

आहे तशी पदरात घ्या.

छोटी