शाळेमागचे मोह

गुरुजी, परवा आपल्या शाळेच्या पडवीत ग्रामसभा भरली आणि मला जबाब द्यायला बोलावलं. शाळेमागचं रान तुमच्या वस्तीतले, टोल्यातले गोंड लोक सामूहिक वनहक्कात मागून राहिले आहेत. तालुक्याहून दोन साहेब पाहणीला आले, रानात फिरले, आणि शाळेला लागून असलेल्या निलगिरीच्या रांगांपाशी थांबले. ही तर लावलेली झाडं, इथे तुमची वहिवाट कसली, म्हणाले. तो तुकडा दाव्यातून गळणार होता, आणि रानात जायची वाट त्यातूनच आहे. तेव्हाचं पाहिलेलं, टोल्याबाहेरचं म्हातारं माणूस गावात मीच एक उरलो. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी खुर्चीवर बसलो तेव्हा वाटलं, तुम्ही आत फळ्यापाशी उभे राहून ऐकून राहिले.

मी चौथीत आहे. मार्च महिना, सकाळची शाळा, आणि मोहाचा तो गोड, जड वास पार बाकांपर्यंत आलेला. तुम्ही सातला हजेरी घेत नाही. टोल्यातली पोरं पहाटेपासून टोपल्या घेऊन मोहाखाली असतात. ती येईस्तोवर तुम्ही आम्हा धानवाल्यांच्या पोरांना कविता म्हणून दाखवता, चाल लावून, डोळे मिटून. मला कवितेचं वेड लागलं ते त्या उशिराच्या हजेरीमुळे. अशाच एका सकाळी मी वाटेत खिसा भरून फुलं उचलली होती. तुम्ही खिशाकडे पाहिलं.

"कोनाच्या झाडाची होत?"

"रानातली आहेत, गुरुजी."

"इचारलास का?"

"झाडाले का इचारू?"

सगळा वर्ग हसला. तुम्ही नाही हसले. "झाडाले नाही रे बैला. झाड ज्या घराचा आहे, त्या घराले."

मधल्या सुट्टीत तुम्ही मला मागे नेलं आणि एकेका मोहाला हात लावून घर सांगितलं. हा म्हाताऱ्या भूमका पुजाऱ्याचा, हा विधवेचा, हा माझ्या भावाचा. तुमच्या घरी धानाची कोठी असते ना, तशी ही यांची कोठी, म्हणाले. पावसाळ्यात दाणे सरले की वाळवलेली फुलं शिजतात, बियांचं तेल निघतं. पूजा झाल्याशिवाय नवं फूल कोणी तोंडात टाकत नाही. पहाटे अस्वल येऊन गेलं असलं तरी कोणी कुरकुरत नाही, त्याचाही वाटा आहे. खालच्या झुडपांत भाजीच्या काटवलाचे वेल, वारुळापाशी श्रावणात सात्यांची अळंबी. त्याच उन्हाळ्यात तुम्ही मला पळसाच्या पानाच्या द्रोणात चारं, म्हणजे चारोळीची फळं दिली, काळीभोर, पिकलेली. बी घरी नेऊ नको, इथेच थुंक, असं दरडावून सांगितलं. मी थुंकलो. एखादं चाराचं झाड माझ्या तोंडून उगवलंही असेल.

पुढे मी त्याच शाळेत मास्तर झालो, तुमच्याच खुर्चीवर. वृक्षारोपणाचा हुकूम आला, निलगिरी आणि गुलमोहराची रोपं फुकट आली, आणि साहेब पाहायला येणार असं कळलं. गुरुजी, आपल्या वाचनाच्या पुस्तकांत गुलमोहर पानोपानी फुललेला असे. मोह कुठेच नव्हता. मला माझी शाळा कवितेसारखी दिसायला हवी होती. मोह वाकडेतिकडे, खाली पाचोळा, वर पोपटांचा गलका. पोरांना अस्वलाची भीती आहे, असं कारण कागदावर लिहिलं आणि तोडणारे बोलावले. दोन दिवसांत जागा साफ झाली. साहेबांनी रांगा पाहून पाठ थोपटली. गुलमोहर चारपाच वर्षांत वाऱ्याने आडवे झाले. निलगिरी राहिली. तिच्याखाली काटवल नाही, सात्या नाही, गवतसुद्धा धड नाही. मार्चमध्ये पोरं सातला हजर होऊ लागली. मला वाटलं, शिस्त आली.

तर परवा साहेबांनी विचारलं, ही निलगिरी कोणी लावली? वनहक्क समितीची अध्यक्ष आता तुमची पुतणी आहे, तिचेही केस पिकले. ती माझ्याकडे न पाहता पदराचं टोक पिळत होती. मी उठलो. म्हटलं, मी लावली. त्याआधी इथे टोल्याचे मोह होते, चारं होती, माझ्या हुकुमाने तोडली. कोणतं झाड कोणत्या घराचं ते गुरुजींनी मला सांगून ठेवलं होतं.

"आमाले मालूमच होता, मास्तर," तुमची पुतणी म्हणाली. "आमी पाहून रायलो होतो. तुमी सांगता का, तेवढाच पाहाचा होता."

मागून एक म्हातारा बोलला, "लय उशिरा हजेरी देल्ली मास्तरनं." लोक हसले, मीही हसलो. साहेबांनी लिहून घेतलं, तुकडा दाव्यात राहिला. मग त्यांनी सहज विचारलं, तोडताना काही वाटलं नाही का? मी म्हणालो, तेव्हा त्या झाडांचं मोल मला कळलं नव्हतं. तेही लिहिलं गेलं. खाली माझी सही आहे.

सभा उठल्यावर तुमची पुतणी मला निलगिरीत घेऊन गेली. पुढच्या पावसाळ्यात इथे मोहाची रोपं लावू, म्हणाली. हे पत्र तिला वाचायला द्यावं म्हणून लिहायला घेतलं होतं. आता देणार नाही.

कारण त्या झाडांचं मोल मला तेव्हाही कळत होतं, गुरुजी. तोडायला सुरुवात झाली तेव्हा तुमची पुतणी कुंपणाशी उभी होती, जवान पोर, काखेत रिकामी टोपली. तिच्या घरचा मोह कोणता ते मला ठाऊक होतं. तोडणाऱ्याच्या कानाशी लागून मी म्हणालो, तो शेवटी घे, तोवर ती कंटाळून जाईल.

ती गेली नाही.