चौदा लाभ

असोदा, मंगळवार

प्रिय हेमांगी,

तुझा गुडघा आता जिना चढू देतो ना? तुझ्या सासूबाईंना, आमच्या वच्छलाकाकूंना, माझा नमस्कार सांग. (नको, सांगू नकोस. मी पत्र लिहिलंय हे कळेल. फोन तुमच्याकडे त्याच उचलतात, म्हणून तर धुळ्याला निघालेल्या पंडितभाऊंच्या हाती पत्र पाठवतेय.)

घाईत लिहितेय, अक्षर सांभाळून घे. आबांच्या आठवणींचं पुस्तक मीच कॉम्प्युटरवर जुळवलं, हे तुला माहीत आहे. प्रस्तावनेच्या पानांना मी हौसेने रोमन आकडे दिले. (आठवतं, आपण दोघी एका बाकावर बसून ते गिरवायचो, आणि सिस्टर तुझ्याच वहीवर चांदणी काढायच्या?) आबांनी भिंग लावून पाहिलं आणि विचारलं, "ह्या मुंग्या कशाला सोडल्यास?" मग म्हणाले, मुंग्या राहू दे, पण खऱ्या पुस्तकाचं पहिलं पान 'एक' नको. जन्मभर त्यांनी खळ्यावर धान्य मोजलं, पहिल्या मापाला 'लाभ' म्हणायचं, पुढे दोन, तीन. शहाऐंशी वर्षांच्या वडिलांना नाही कसं म्हणू? एक येईल तिथे 'लाभ' छाप, असं मी कॉम्प्युटरला सांगितलं. त्याने ऐकलं, गं. फारच ऐकलं. मुंग्या प्रस्तावनेतच थांबाव्यात म्हणून मी पुस्तकाचे भाग पाडले होते, आणि त्या शहाण्याने प्रत्येक प्रकरणाची मोजणी नव्याने सुरू केली. चौदा प्रकरणं, चौदा लाभ! अनुक्रमणिकेत सगळंच 'पान लाभ'वर.

यालाही मी हसले असते. पण अकरावं प्रकरण आहे 'नाना गेले'. आबांचे भाऊ, तुझे सासरे, गेले तो दिवस आबांनी रडत रडत सांगितलाय, आणि त्याच पानाखाली, मधोमध, ठळक अक्षरांत: लाभ. नाना गेल्यावर फैजपूरची केळीची बाग आबांकडे राहिली, म्हणून अकरा वर्षं दोन घरं बोलत नाहीत. या रविवारी प्रकाशनाला काकू पहिल्यांदा येणार आहेत. हे पान पाहिलं तर त्या काय समजतील? 

तुझी,
सुलक्षणा

ता. क. खरं काम आता सांगते. आबांनी उत्साहाने काकूंची प्रत कालच धुळ्याला पाठवली. रविवारपर्यंत त्यांचा चष्मा लपव. पाप माझ्या माथी.

ता. क. २. पाकीट चिकटवतानाच काकूंचा फोन आला. अकरा वर्षांनी! पुस्तक वाचून झालंय. मी माफी मागू लागले, तर म्हणाल्या, "बठ्ठं खरं शे, बेटा. पन्नास वरीस त्यासनं घोरनं आयकं मी." (म्हणजे सगळं खरं आहे, नानांच्या घोरण्यातून सुटल्या तो लाभच!) मग हसल्या, मग रडल्या, मीही रडले. रविवारी नक्की येणार. फक्त एक दुरुस्ती सांगितली: आबांच्या लग्नाच्या प्रकरणाखालचा लाभ तेवढा खोडायचा. फोन स्पीकरवर होता आणि आई शेजारीच वाती वळत बसली होती. आता "माझ्याशी लग्न म्हणजे काय तोटा झाला?" म्हणत रुसलीय, रविवारी येणार नाही म्हणते. तिची समजूत काढायला तू शनिवारीच निघ.