माझ्या पर्समधलं काजळ

गोपीनाथ भावोजी,

काल गणपतीच्या कार्यक्रमात तुम्ही नव्वद वर्षांपूर्वीची म्युझिकल शॉर्ट फिल्म दाखवलीत. त्यात गोरा नट तोंडाला काळं फासून, डोळे गरगरा फिरवत गातो. मग तुम्हीही तोंड काळं करून तसेच नाचलात आणि सगळं मंडळ हसलं. माझ्या शेजारी ऑफिसमधली ग्रेस बसली होती, केनियाची. मीच तिला मोदक खायला बोलावलं होतं. ती न खाताच उठली.

तुम्ही म्हणालात, "वहिनी, जोक होता."

मला बघायला आलात तेव्हा माझा रंग पाहून सासूबाईंनी नाक मुरडलं, तोही जोकच होता का?

हे पत्र मी पाठवणार नाही. काजळ माझ्याच पर्समधलं होतं, आणि कशाला हवंय ते तुम्ही सांगूनच नेलं होतंत.

सविता
अल नहदा, शारजा