लोगोखालची शेळी

ती. मामांना साष्टांग नमस्कार. मामींच्या गुडघ्याला आराम पडला असेल; नसेल तर पडावा. मी खुशाल आहे (म्हणजे पाचवी नोकरी अजून टिकून आहे; चौथी का गेली ते भेटीत सांगेन, त्यात एक शिडी आहे).

बारक्या परीक्षा सोडून सैन्यभरतीला निघालाय, आणि तुम्ही विचारलंत, तू न्यूज चॅनेलात आहेस, लढाई खरंच आठवड्यात संपतेय का, तसं असेल तर पोराला जाऊ देतो. मामा, घरात माझा सल्ला कुणी पहिल्यांदाच मागितला, त्यामुळे खरं सांगणं आलं. शत्रूचा तळ उडतानाची जी क्लिप तुम्ही दिवसातून चाळीसदा बघता ना, ती मी काढलीय. दगडाच्या खाणीत. लोकांची धुळीची तक्रार होती, म्हणून मला पाठवलं होतं. ती बातमी कधी लागलीच नाही, पण क्लिप मी कॉम्प्युटरात 'स्फोट, बरा' अशा नावाने जपून ठेवली (नीटनेटकेपणाचा झटका मला जन्मात एकदाच आला, त्याचं हे फळ). लढाई सुरू झाली त्या सकाळी आघाडीवरून काहीच येईना. संपादक म्हणाले, "स्फोट आहे का कुणाकडे?" शाळेत कधी हात वर केला नाही, तो तिथे केला. कुठला आहे, असं विचारतील म्हणून मी थांबलो. त्यांनी विचारलं, "धूर किती आहे?"

कोपऱ्यात एक शेळी चरत होती, एवढा बार उडाला तरी मान वर न करणारी. तिच्यावर चॅनेलचा लोगो बसवला. मग लाल गोल, बाण, नगारे. संध्याकाळी एका निवृत्त अधिकाऱ्यांनी धुराच्या रंगावरून दारूगोळा किती होता ते अर्धा तास समजावलं, आणि मी ते वहीत उतरवून घेतलं. सातव्यांदा क्लिप लागली तेव्हा तर उभा राहून टाळ्या पिटल्या, चहावाल्याला म्हणालो, "बघ, कशी जिरली." खाणीतली धूळ माझ्याच नाकात गेली होती, तरी.

तेव्हा लढाई कशी चाललीय, मला माहीत नाही. इथे कुणालाच नाही. स्ट्रेचरवरून जवान आणतानाची एक खरी क्लिप आली होती. जेवणाच्या वेळेला नको, म्हणून बाजूला ठेवली. पाच दिवस झाले, जेवणाची वेळ काही संपत नाही.

तुमचा भाचा

ता. क. : मामींना यातलं सांगू नका. माझ्या नोकरीचं त्यांचं गल्लीभर सांगून झालंय.

आणखी एक : हे सगळं काल बारक्याला फोनवर सांगितलं. तो म्हणाला, "दादा, तुला काय कळतंय त्यातलं? जरा टीव्ही बघत जा." म्हणून मामा, त्याला तुम्हीच अडवा. फक्त माझ्याकडून कळलं म्हणू नका. टीव्हीवर दाखवलं म्हणा.