आपोआप घासली जाणारी भांडी

३ मार्च

आजपासून आम्ही चौघं एका घरात! तत्त्ववेत्त्याने भिंतीवर खडूने एकमेव नियम लिहिला — कुणी कुणाला काही सांगायचं नाही. (तो तत्त्वज्ञान शिकतो, तेही तिसऱ्यांदा.) वेल्डरला नियम फारच आवडला; तिला दिवसभर मुकादम सांगतोच. नर्स ड्यूटीवरून येऊन झोपली होती, तिची संमती गृहीत धरली.

घरी बाबा हुकूम सोडतात, आई राबते. मी आईसारखी होणार नाही. लिहून ठेवते.

७ मार्च

सिंकमध्ये भांड्यांचा डोंगर. वेल्डर फुलदाणीतून चहा पितेय. सांगणार कोण? नियम!

८ मार्च

पहाटे उठून मीच घासली. गुपचूप.

१९ मार्च

रोज तेच. आज तत्त्ववेत्ता म्हणाला, “बघा, सक्ती काढली की कामं आपोआप होतात.” यावर तो निबंध लिहितोय. मी मान डोलावली; हाताला साबणाचा वास येत होता. सांगावं तर नियम मोडतो, गप्प बसावं तर आई होते. इकडे आड, तिकडे विहीर.

२३ मार्च

आई पहिल्यांदाच इथे आली. ओट्यावर फडकं, त्यावर पालथे पेले — बघितलं आणि म्हणाली, “तूच घासतेस ना?”

छे, म्हटलं.

“तुझ्या बाबांनाही तीस वर्षं वाटतंय, आपोआप होतं.”

बाथरूममध्ये जाऊन रडले. बाहेर आले तर आई भिंतीवरचा नियम वाचत उभी होती. बराच वेळ.

२४ मार्च

घासली नाहीत.

२८ मार्च

सभा. तत्त्ववेत्ता म्हणे, व्यवस्थेत बिघाड झालाय. नर्स म्हणाली, “कसली व्यवस्था? मला वाटलं, तू घासतोस!” वेल्डरला वाटत होतं, नर्स घासते. शेवटी मी सांगून टाकलं. मग तत्त्ववेत्ता दुखावल्यासारखा म्हणाला, “अगं, मग सांगायचं नाही का?”

हे कोण म्हणतंय तर नियम लिहिणारा! हसू आवरेना. तरी भांडी तिथेच.

२९ मार्च

बाबांचा फोन. “सिंक भरलंय. आई तिकडे आलीय का?” नाही, म्हटलं. तेव्हा खरंच आली नव्हती.

२९ मार्च, दुपार

आई आली. हातात मोठी बॅग. सिंककडे एकदा बघितलं आणि खुर्चीवर बसली. मी भांड्यांकडे वळले, तर म्हणाली, “तू पण बस.”

बसले.