माझ्या नावातला ळ

बाबा,

काल हयातीचा दाखला द्यायला बँकेत गेले होते. पेन्शन घेणाऱ्यांनी वर्षातून एकदा आपण जिवंत आहोत असं लिहून द्यायचं आणि खाली सही करायची. मी सही केली, निर्मला, आणि कागद पलीकडे सरकवताना हात थोडा अडखळला. दरवर्षीच अडखळतो. घरी येऊन चहा ठेवला, तो उकळून आटला, तरी मी तशीच बसून होते. मग हा कागद पुढ्यात घेतला. मी आता तुमच्यापेक्षा वयानं बरीच मोठी आहे, पण तुम्हाला लिहायचं म्हटल्यावर अजून ओळ सरळ जाते की नाही हे आधी बघते.

मालवणजवळच्या कट्टा गावाच्या पुढे, आपल्या गावातल्या त्या दोन खोल्यांच्या शाळेत तुम्ही सातही इयत्ता एकट्यानं शिकवायचात. शुद्धलेखनाच्या बाबतीत तुमच्यासारखा कडक माणूस मी नंतर नोकरीतही पाहिला नाही. कुणाच्या लग्नाची पत्रिका आली तरी आधी लाल पेन्सिल काढून तुम्ही तिच्यातल्या वेलांट्या दुरुस्त करायचात आणि मगच मुहूर्त बघायचात. आई म्हणायची, "लगीन खंय आसा ता तरी वाचा आधी." आणि अशा माणसाच्या मुलीचं नाव शाळेच्या रजिस्टरात, त्याच्याच वळणदार अक्षरात, निर्मळा. ल नाही, ळ. संस्कृतातून आलेलं नाव निर्मला आणि आपल्या बोलीतला शब्द निर्मळ, हे तुम्हीच तिसरीला फळ्यावर लिहून समजावलंत. ते समजलं त्या दिवशी वर्गातल्या सगळ्यांनी एकदम माझ्याकडे पाहिलं. कारण माझं नाव त्यातलं एकही नव्हतं. मधल्या सुट्टीत विहिरीपाशी पोरी मला घेरून नाचत होत्या, "मास्तराच्या चेडवाचा नाव चुकीचा, मास्तराच्या चेडवाचा नाव चुकीचा!"

मी त्याच दुपारी पाटीवर नाव लिहिलं ते ल घालून. तुम्ही बाकांमधून फिरत फिरत माझ्यापाशी आलात. मी आठ वर्षांची आहे, पाटी छातीशी धरली आहे, आणि तुमच्या धोतराचा काठ मला दिसतो आहे. तुम्ही पाटी ओढून घेतलीत, तळहातानं तो ल पुसलात, इतक्या जोरात की तुमचा हात पांढरा झाला. "एक वेळ पाढे चुकले तर चालेल," तुम्ही म्हणालात, "स्वतःचं नाव चुकता कामा नये." मी म्हटलं, "पण गुरुजी, ळ चूक आहे." शाळेत तुम्हाला गुरुजीच म्हणायचं असा नियम होता. तुमच्या हातात छडी होती, पण तिचा उपयोग केला नाहीत. पाटी परत दिलीत आणि खिडकीशी जाऊन उभे राहिलात. शाळा सुटेपर्यंत तुम्ही त्या दिवशी काही शिकवलं नाहीत. मला वाटलं, मी तुमच्या विद्येला नावं ठेवली म्हणून तुम्ही चिडलात.

तेव्हापासून मला तो ळ नकोसाच झाला. वहीवर नाव घालायची वेळ आली की मी ते अक्षर इतकं बारीक काढायची की वाचणाऱ्यानं काय हवं ते वाचावं. तुम्ही मात्र तो फार मन लावून काढायचात. दोन गोल, दोन्ही सारख्या आकाराचे, मधला जोड नाजूक. माझ्या पुस्तकांना वर्तमानपत्राची कव्हरं घालून झाल्यावर त्यांच्यावर नाव घालायचं काम तुम्ही दुसऱ्या कुणाला करू दिलं नाहीत. परसात काजूखाली बसून तुम्ही ते करायचात आणि लिहून झाल्यावर शाई वाळेपर्यंत त्या अक्षराकडे बघत राहायचात. मी लांबून पाहायची आणि मनात म्हणायची, एवढं काय आहे त्यात.

सातवी झाल्यावर मला मालवणच्या हायस्कुलात घालायला तुम्ही स्वतः आलात. काळी टोपी, इस्त्रीचा कोट, खिशात तुम्हीच लिहिलेला माझा शाळा सोडल्याचा दाखला. कचेरीतल्या कारकुनानं तो वाचला आणि हसला. वाईट हसला असं नाही, तुमचा मान राखूनच बोलला. "मास्तर, तुमच्या हातून अशी चूक? घाईत झाली असेल. इथे दुरुस्त करून घेऊ का? पुढे अकरावीच्या सर्टिफिकेटावर तेच नाव जाईल, मग जन्मभर बदलता यायचं नाही." तुम्ही तोंड उघडलंत. मी तुमच्या आधी बोलले. तेरा वर्षांची मुलगी, परक्या कचेरीत, वडील शेजारी असताना मोठ्यानं म्हणाली, "चूकच आहे ती. कधीपासूनची आहे. तुम्ही निर्मला लिहा."

कारकुनानं तुमच्याकडे पाहिलं. तुम्ही टोपी काढून हातात घेतली होती. घाम पुसायला असावी असं मला वाटलं. "ती म्हणते तसं लिहा," तुम्ही म्हणालात. कारकुनानं एक रेघ मारून वर नवं नाव लिहिलं आणि दुरुस्तीशेजारी पालकाची सही घेतली. तुमच्या सहीचं शेवटचं अक्षर कागदाबाहेर गेलं.

परतीच्या बसमध्ये तुम्ही खिडकीकडे तोंड करून बसलात. मी सारखी बडबडत होते, हायस्कूलचं मैदान केवढं आहे, प्रयोगशाळा आहे, इंग्रजीला वेगळे सर आहेत. कट्ट्याला उतरलो तेव्हा तुम्ही नेहमीप्रमाणे बाजारात थांबला नाहीत. वाटेत मी ठेचकाळले तर मागे वळून म्हणालात, "सांभाळून गो बाय." त्याआधी तुम्ही मला कधी बाय म्हटलं नव्हतं. नावानंच हाक मारायचात, पूर्ण, शेवटचा काना लांबवून. त्या दिवसानंतर बाय. घरात बाय, पत्रात "चि. बाय हीस". तुम्ही जाईपर्यंत माझं नाव, ळ घालून नाही आणि ल घालूनही नाही, तुमच्या तोंडून मी पुन्हा ऐकलं नाही. आणि मला ते कळायलाही दोनतीन वर्षं लागली. मला वाटायचं मी मोठी झाले म्हणून लाडानं म्हणता.

अकरावी झाली, शिक्षिकेच्या वर्षभराच्या ट्रेनिंगला जायचं ठरलं, तेव्हा तुम्ही मला पत्र्याची ट्रंक आणून दिलीत. हिरवी, नवीन, कडीला छोटं कुलूप. झाकणावर पेंटरकडून नाव घालून आणलं होतं. बघते तर "कु. नि." आणि पुढे आपलं आडनाव. मी म्हटलं, "पूर्ण का नाही घातलं?" तुम्ही म्हणालात, "पुरे आहे तेवढं. ओळखू येईल." त्याच पावसाळ्यात तुम्हाला कावीळ झाली. तार मिळून मी पोचले तेव्हा तुम्ही डोळे मिटून होता. आई कानाशी वाकून म्हणाली, "अहो, बाय इली." तुमच्या ओठांची हालचाल झाली. आवाज आला नाही. तुम्ही काय म्हणालात ते मला माहीत नाही. आई म्हणायची पाणी मागितलंत.

ट्रेनिंग संपल्यावर पहिली नेमणूक शिरोड्याला मिळाली. तुम्ही पूर्वी तिकडे होतात हे मला माहीत होतं. लग्नानंतर काही वर्षं तिथे नोकरी केलीत आणि मग स्वतः अर्ज करून बदली मागून घेतलीत, एवढंच. समुद्राजवळचं गाव सोडून कुणी आत कशाला येईल, असं गावातले लोक विचारायचे, आणि तुम्ही म्हणायचात की खारी हवा सोसत नाही. शाळेत मला पहिलं काम मिळालं ते जुनी रजिस्टरं उन्हात घालायचं. वाळवी लागली होती. मी एकेक पान उलटून झाडत होते. आणि एका पानावर तुमचं अक्षर दिसलं. मला इतका आनंद झाला, बाबा! तुम्ही जाऊन जेमतेम वर्ष होत होतं. मी पान मांडीवर घेतलं आणि तुमच्या हातची एकेक ओळ बोटानं वाचत गेले. मधेच माझं नाव आलं. निर्मला, मग तुमचं नाव, मग आपलं आडनाव. जात, जन्मगाव, पालकाचा धंदा, शिक्षक. सगळं बरोबर. फक्त जन्मतारीख माझ्या जन्माच्या कितीतरी आधीची होती. आणि शेवटच्या रकान्यात, शेरा म्हणून, त्याच वळणदार अक्षरात एकच शब्द. मयत.

शनिवारी शाळा सकाळची होती. वेंगुर्ल्याला बस बदलून मी घरी आले. आई स्वयंपाकघरात सुपात कुळीथ निवडत बसली होती. मी ट्रंक दारातच ठेवली आणि विचारलं, "आई, शिरोड्याला निर्मला कोण होती?"

तिचा हात सुपातच राहिला. मग म्हणाली, "बस."

"तुज्या आधी एक चेडू होता गो. सहा वर्सांचा झाला आणि गेला. तुका सांगायचा नाय म्हणान हेंनी माझ्याकडसून आण घेतलेली. आता आण घेणारोच रवलो नाय." तिनं कुळथातला खडा काढून बाजूला टाकला. "माका लिवक वाचूक येणा नाय. माझ्या तोंडात निर्मळाच येय. आणि ता मी हाक मारी तसाच लिवी. पाटयेर, भितीर, अंगणात काठयेन. हे म्हणत, ळ चूक, ल काढ. ता म्हणा, नाय, आई माका अशीच हाक मारता. भारी हट्टी होता. एक दिस शाळेत पन्नास येळा लिवक सांगल्यानी. तेणा पन्नासय येळा ळ काढल्यान. मगे हेंनी तेच्या हातार पट्टी मारल्यानी."

मी विचारलं, "मग?"

"मगे काय. सांजेक ताप इलो. घटसर्प होतो, डॉक्टर म्हणालो. चौथ्या दिवशी संपला सगळा. पट्टयेन कोण मरणा नाय गो. मी हेंका किती येळा सांगलंय. पण सुजलेलो हात हेंनी बघलेलो." मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "तू झालंस तेव्हा बारश्याक सगळे म्हणत, मेलेल्या चेडवाचा नाव कित्याक ठेवतास? हे म्हणाले, मेला ता निर्मला. ता मी लिवलेला. निर्मळा ह्या तेणा लिवलेला नाव आसा, ह्या रवात."

बाबा, मी त्या वेळी रडले नाही. मला राग आला. तुमच्या त्या दोन गोलांचं कौतुक, ते काजूखाली बघत राहणं, त्यातलं काहीच माझ्यासाठी नव्हतं, असं वाटलं. मी बारशापासून दुसऱ्या कुणाचा तरी हट्ट अंगावर घेऊन वाढले आणि कुणी मला विचारलं नाही. तुम्ही मला सांगितलं असतंत तर? कचेरीच्या पायरीवर, बसमध्ये, कधीही, एका वाक्यात. मी जन्मभर ळ काढला असता. पण तुम्ही मुलांच्या चुका सांगायचात, स्वतःची सांगायची वेळ आली की खिडकीशी जाऊन उभे राहायचात. राग ओसरायला बरीच वर्षं गेली. माझी मुलगी सहा वर्षांची झाली आणि एकदा तिच्या पाठीत धपाटा घालायला मी हात उगारला, तो तसाच वर राहिला, तेव्हा कुठे ओसरला. मग उरलं ते दुसरंच. "चूकच आहे ती." माझ्या आधीच्या त्या मुलीला तुम्ही हेच म्हणाला होतात, आणि मालवणच्या कचेरीत तेच शब्द तुम्हाला माझ्या तोंडून ऐकावे लागले.

हे पत्र कुठे पाठवायचं नाहीच, तेव्हा एक गोष्ट सांगून टाकते. आईनं हे सांगितलं त्यानंतरच्या सोमवारी मी शिरोड्याला परत गेले. मुलं प्रार्थनेला बाहेर उभी होती. मी रजिस्टर काढलं, ते पान उघडलं आणि टाकानं त्या ल चा ळ केला. सरकारी नोंद, आणि मी नोकरीला लागून महिनाही झाला नव्हता. अक्षर तुमच्यासारखं आलं नाही. एक गोल मोठा, एक लहान, कागद जुना म्हणून शाई थोडी फुटली. नोंदीत दुरुस्ती केली की बाजूला सही करायची असते, हे मला तुम्हीच शिकवलंत. सहीत ल काढू की ळ, मी खूप वेळ टाक धरून उभी होते. बाहेर प्रार्थना संपली. मी सही न करताच रजिस्टर मिटलं.