रांग नसलेल्यांची रांग

तीर्थस्वरूप ताईस,

धाकट्याचा साष्टांग नमस्कार. (कंबर धरल्यामुळे प्रत्यक्षात अर्धाच झाला आहे, उरलेला पोचला असं समज.) इकडे सगळं ठीक. तुझे गुडघे कसे आहेत? मागच्या पत्रात तू नुसतं 'गुडघे बोलतात' असं मोघम लिहिलंस. डावा बोलतो की उजवा, जिना चढताना की उतरताना, काही खुलासा नाही. मोघम बोलणाऱ्यावर माझा विश्वास बसत नाही, मग तो माणूस असो की गुडघा. भाचीला आशीर्वाद सांग, आणि तिने पाठवलेलं विमानाचं तिकीट तू स्वतः चष्मा लावून वाचलंस का, तेही कळव. शुक्रवारचंच आहे ना? लोक बिनदिक्कत चुकीच्या तारखा घालतात.

तर मुद्द्याचं. तू लिहिलंस की पुढच्या गुरुवारी येते, हातात एकच दिवस आहे, शुक्रवारी लेकीकडे कायमची जाणार. तेव्हा म्युझियमला साध्या रांगेत उभं राहायचं, की ती रांग चुकवून आत नेणारी गाईडवाली टूर घ्यायची, तेवढं बघून ठेव. 'तेवढं' म्हणालीस! ज्याने तीस वर्षं वजनमापे खात्यात निरीक्षक म्हणून काढली, काट्याखाली लपवलेलं चुंबक ज्याने नुसत्या दुकानदाराच्या नमस्कारावरून ओळखलं (फार वाकून नमस्कार केला की काट्यात काहीतरी असतंच), त्याला तू हे सांगितलंस. त्यात माझा आख्खा आठवडा गेला, आणि तुझी भावजय माझ्याशी बोलेनाशी झाली. म्हणजे बोलते, पण फक्त 'जेवायला या' एवढंच, आणि तेही भिंतीकडे बघून.

तुला तिथे काय बघायचं आहे ते मला ठाऊक आहे. आपल्या स्वयंपाकघराच्या दारामागे कॅलेंडर होतं, त्यावरची खिडकीशी बसून सुईत दोरा ओवणारी बाई. छपाई इतकी भिकार, की दोरा नेढ्यातून गेलाय की नुसता बाजूने, ते कळायचंच नाही. तू म्हणायचीस गेला, मी म्हणायचो बाजूने गेला, आणि वडील म्हणायचे आधी जेवून घ्या. लग्नानंतर ते पान तू कपाटाच्या दाराला आतून चिकटवलंस. दाजी होते तोवर त्यांनाही विचारायचीस, आणि ते बिचारे रोज वेगळं उत्तर द्यायचे. तुझ्या लग्नाआधी, त्रेचाळीस वर्षांमागे, आपण दोघं ते खरं चित्र बघायला गेलो आणि दारातूनच परत आलो, तो विषय मी इथे काढत नाही. (दरवानाने आपल्याला चुकीच्या रांगेत कसं धाडलं, आणि आपला नंबर येईतो म्युझियम कसं बंद झालं, हे तू घरातल्या प्रत्येक लग्नात सांगतेसच. व्याह्यांनाही पाठ झालं असेल.) सांगायचं एवढंच, की या वेळी चूक होऊन चालणार नाही. पुन्हा तू या बाजूला कधी येशील ते तुझ्या गुडघ्यांनाच माहीत.

सुरुवात मी कागदपत्रांपासून केली. चौकात टूरवाल्यांचं ऑफिस आहे. ऑफिस कसलं, एक टेबल, एक पंखा आणि एक अत्यंत गुळगुळीत गृहस्थ. त्याला मी गुळगुळीतच म्हणतो. त्याने खुर्ची पुढे केली, पाणी दिलं आणि वर माझी तब्येत विचारली. तिथेच माझ्या कपाळाला आठी पडली. पत्रकावर छापलं होतं: 'रांगेविना प्रवेश. तज्ज्ञ मार्गदर्शक. मोजकेच लोक.' मी विचारलं, मोजके म्हणजे किती मोजलेत? तो म्हणाला, पंधरा. मग पंधरा असं का छापलं नाही? तो हसला. रांगेविना म्हणजे रांग अजिबात नाही ना, असं विचारल्यावर मात्र त्याने जे उत्तर दिलं ते मी वहीत शब्दशः टिपलं आहे: "काका, रांग असते. पण ती आपली असते." आता यावर शहाण्या माणसाने काय समजायचं? मी आणखी सव्वीस प्रश्न विचारले. एकविसाव्याला त्याने पंखा माझ्याकडून स्वतःकडे वळवला.

ऐकीव माहितीवर निकाल द्यायचा नाही, ही आपली जुनी शिस्त. म्हणून दुसऱ्या दिवशी घडीचं स्टूल, वही आणि जुनं स्टॉपवॉच घेऊन मी म्युझियमसमोर जाऊन बसलो. (स्टॉपवॉच खात्याचं नाही. निवृत्तीच्या वेळी परत केलं त्याची पावती आहे, हे दुसरं.) ताई, तुला काय सांगू! साडेनऊपासून साडेअकरापर्यंत बसलो. साध्या रांगेत एक माणूस नाही. मी वहीत लिहिलं: 'साधी रांग, शून्य मिनिटं. टूर म्हणजे निव्वळ लूट.' खाली दुहेरी रेघ मारली आणि विजयी मुद्रेने घरी आलो. तुझ्या भावजयीने वही वाचली, भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघितलं आणि त्या आठवड्यातलं एकुलतं एक जास्तीचं वाक्य बोलली, की सोमवारी म्युझियम बंद असतं. तिला हे कसं माहीत, याचा मी अजून शोध घेतो आहे.

मंगळवारी गेलो तर रांग पार कारंज्याला वळसा घालून बसथांब्यापर्यंत. तिच्या शेजारी एक छोटी रांग, डोक्यावर पाटी: 'रांगेविना प्रवेश.' म्हणजे रांग नसलेल्यांची रांग! मी लागोपाठ तीन दिवस दोन्ही मोजल्या. मोजण्याची पद्धत अशी, की शेपटाला उभा असलेला एक ठळक माणूस धरायचा (लाल टोपी, पट्ट्यापट्ट्यांचा शर्ट असं काही) आणि तो दारात शिरेपर्यंत नजर हलवायची नाही. पट्ट्यापट्ट्यांच्या शर्टाच्या बायकोला हे आवडलं नाही. तिने मला दोनदा विचारलं की तुम्हाला काय पाहिजे. सरासरी निघाली ती अशी: साधी रांग एक तास पन्नास मिनिटं, बिनरांगेची रांग अठरा मिनिटं. म्हणजे टूर खरी निघाली. इथेच मला जास्त संशय आला. तीस वर्षांत मी पहिल्या तपासणीत खरा निघालेला काटा पाहिलेला नाही.

राहता राहिली गाईड. नुसतं लवकर आत जाऊन काय उपयोग, आत गेल्यावर थापाच ऐकायच्या असतील तर? तेव्हा शुक्रवारी मी साधं तिकीट काढून, साध्या रांगेत एक तास बावन्न मिनिटं उभा राहून (दोन मिनिटं जास्त, पुढच्या बाईंची पर्स सापडत नव्हती) आत शिरलो आणि टूरच्या एका घोळक्यामागे सहा पावलांचं अंतर ठेवून चालू लागलो. गाईडबाई पन्नाशीच्या, आवाज खणखणीत, हातात उंच धरलेली पिवळी मिटलेली छत्री, म्हणजे माणसं हरवत नाहीत. माझ्याकडेही छत्री होती, काळी, कारण आभाळाचा काय भरवसा.

सगळं सुरळीत चाललं होतं. बाईंची एकही चूक सापडत नव्हती आणि मी हिरमुसला होत चाललो होतो. तेवढ्यात तिसऱ्या दालनात काचेमागे एक जुना पितळी तराजू दिसला. ताई, त्याची पारडी उलटी लावली होती! डावं उजवीकडे, उजवं डावीकडे. प्रत्येक पारड्याच्या कडीवर खूण असते, दांडीवर तीच खूण असते; दोन्ही जुळल्या नाहीत तर काटा जन्मात खरं बोलत नाही. माझ्याच्याने राहवेना. मी छत्री उंचावून ती खूण शेजारच्या एका सद्गृहस्थांना दाखवली. छत्री वर गेलेली बघून आणखी चौघं आली. मग बोलता बोलता मी दुकानदार अंगठ्याने पारडं कसं दाबतात, ओल्या पोत्याचं वजन ग्राहकाच्या गळ्यात कसं बांधतात, सगळं सांगितलं. पंचवीस मिनिटांनी मागे वळून बघतो तो अठ्ठावीस माणसं, आणि त्यातली निम्मी गाईडबाईंची. एका आजींनी तर पुढचं दालन कुठलं म्हणून मला विचारलं. इतकी वर्षं मी बोलायला लागलो की माणसं दुकान बंद करून पळायची, आणि इथे उभी राहून ऐकत होती. मला फार बरं वाटलं, खोटं कशाला सांगू.

ते बरं वाटणं पहारेकऱ्याने फार वेळ टिकू दिलं नाही. विनापरवाना गाईडगिरी केल्याच्या संशयावरून मला ऑफिसात नेऊन बसवलं. नाव, पत्ता, कुठल्या कंपनीचा, किती लोकांकडून पैसे घेतले, वहीत पट्ट्यापट्ट्यांच्या शर्टाच्या वेळा का लिहिल्या आहेत? चौकशी अगदी पद्धतशीर होती. मीच असतो तर आणखी वेगळं काय विचारलं असतं? फक्त तो माझा एकही शब्द खरा मानत नव्हता, आणि त्याचा मला मनस्वी राग आला. खरं बोलणाऱ्या माणसाकडे कुणी असं बघतं का? मग मला आजवरचे सगळे दुकानदार एकेक करून आठवायला लागले.

तेवढ्यात गाईडबाई दार उघडून आत आल्या आणि म्हणाल्या, "हे माझ्या ग्रुपमधले आहेत. बडबडे आहेत, पण निरुपद्रवी." चक्क खोटं! ओळख ना पाळख. बाहेर आल्यावर मी त्यांना स्पष्ट विचारलं की यात तुमचा फायदा काय. त्या म्हणाल्या, अकरा वर्षं मी त्या तराजूसमोरून लोकांना नेते, पण तिथे कुणी कधी थांबलं नव्हतं. मला त्यात काही काळंबेरं सापडलं नाही. अजून शोधतो आहे.

मग त्यांनी विचारलं, तुम्हाला इथे खरं बघायचंय काय? मी सुईवाल्या बाईचं सांगितलं. नेढ्याचा वादही सांगितला. त्या मला थेट त्या दालनाच्या दारापर्यंत घेऊन गेल्या. आणि ताई, मी दारातच पाठ फिरवून उभा राहिलो. दोरा गेलाय का ते मी सांगू का, असं त्या म्हणाल्या तेव्हा मी दोन्ही कानांत बोटं घातली. लोक बघत होते. पण ते चित्र तुझ्याआधी बघायचा मला हक्क नाही, असं त्या घटकेला फार वाटलं. मला चष्मा काढून पुसावा लागला. (वातानुकूलन फार होतं तिथे.)

असो. अशी सगळी हकीकत आहे. टूर साध्या तिकिटाच्या तिप्पट पडते. रांग अठरा मिनिटांची. गाईड जाणकार पण खोटं बोलणारी. गुळगुळीत अजूनही गुळगुळीत. दोन्ही बाजू तुझ्यासमोर मांडल्या आहेत; माझं मत तुझ्यावर लादत नाही. विचार करून तू म्हणशील तसं करू.

तुझा,
धाकटा

ता. क. १ : विचार करू नकोस. म्युझियममधून निघालो त्याच संध्याकाळी मी गुरुवारी दहाच्या टूरची दोन तिकिटं काढली. बाई त्याच आहेत, खात्री करून घेतली. तिकिटं परत होत नाहीत आणि दुसऱ्याच्या नावावरही होत नाहीत, हा गुळगुळीतला पहिल्या दिवशी विचारलेला माझा शेवटचा प्रश्न होता.

ता. क. २ : हे लिहू की नको असं करत चहा दोनदा थंड झाला. ताई, त्या दिवशी दरवान नव्हताच. तू पाणी आणायला गेलीस आणि मला जागा धरून ठेवायला सांगितलंस. पुढचा माणूस फारच शांत उभा होता. मला वाटलं, इतके लोक एवढ्या भरवशाने उभे आहेत म्हणजे ही रांग नक्की चुकीची असणार. म्हणून मी शेजारच्या रांगेत गेलो. ती सामान ठेवायची रांग होती. तू परत आलीस, तुझा चेहरा बघितला, आणि तोंडातून निघून गेलं की दरवानाने सांगितलं. बावीस वर्षांचा होतो. त्या वयात खरं बोलायला एवढं धाडस लागतं हे ठाऊक नव्हतं. चोर सोडून संन्याशाला फाशी, ती त्रेचाळीस वर्षं तू प्रत्येक लग्नात देत आलीस, आणि मी दर वेळी मान डोलवत आलो. तो दरवान असता तर मी त्याची माफी मागितली असती. तो नाही, म्हणून तुझी मागतो.

ता. क. ३ : आता एकच विनंती, खरं तर पत्र त्यासाठीच आहे. तू मला बोलणार, आणि ते मी ऐकून घेणार. पण जे काय बोलायचं ते रांगेतच बोल, आत गेल्यावर नको. आत आपल्याला दोऱ्याचं बघायचं आहे. साध्या रांगेत एक तास पन्नास मिनिटं मिळाली असती, तेवढं ऐकायची माझी छाती नाही. म्हणून टूर घेतली. अठरा मिनिटं आहेत. मोजलेली आहेत.